खडकावरची पाणबुडी

पाणबुडीचे सारे बळ पाण्यात असते. युद्धनौकेला पोलादी चिलखत असते, मोठमोठ्या तोफा असतात. पाणबुडीजवळ यांतले फारसे काही नसते. शत्रूचे विमान दिसले की तिने बुडी मारावी आणि समुद्राच्या पोटात नाहीसे व्हावे, एवढाच तिचा बचाव. पण अशा पाणबुडीला बुडीच मारता येऊ नये, असा प्रसंग आला तर? दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस ‘ओ-१९’ नावाच्या डच पाणबुडीवर नेमका तोच प्रसंग ओढवला.

ओ-१९ ही हॉलंडमधील स्खीडाम या गावी बांधली गेली व १९३९ साली आरमारात दाखल झाली. तिची लांबी सुमारे ८० मीटर होती. टॉर्पेडो तर तिच्यावर होतेच. शिवाय समुद्रात पेरण्यासाठी ४० सुरुंगही ती नेऊ शकत असे. परंतु तिचे खरे वैशिष्ट्य वेगळेच होते. त्या काळच्या पाणबुड्या पाण्याखाली विजेच्या मोटारीवर चालत. विजेचे घट रिकामे झाले की ते भरण्यासाठी डिझेल इंजिन सुरू करावे लागे, आणि इंजिनाला हवा हवी म्हणून पाणबुडीला वर यावे लागे. व्हिखर्स नावाच्या एका डच नौदल अधिकाऱ्याने यावर युक्ती काढली. पाणबुडी खालीच राहील. फक्त एक लांब नळी पाण्याबाहेर डोके काढील आणि तिच्यातून इंजिनाला हवा मिळेल! हत्ती नदी पोहून जाताना सोंड वर धरतो, तसाच हा प्रकार. ही नळी प्रथम ओ-१९ च्या जातीच्या पाणबुड्यांवर बसवण्यात आली. १९४० साली जर्मनांनी हॉलंड जिंकले, तेव्हा काही अपुऱ्या डच पाणबुड्या त्यांच्या हाती लागल्या व त्यांबरोबर ही नळीही. पुढे जर्मनांनी ती आपल्या पाणबुड्यांवर बसवून दोस्तांच्या आरमारांना पुष्कळ त्रास दिला.

ओ-१९ मात्र तेव्हा मायदेशापासून हजारो मैल दूर, पूर्वेकडील बेटांच्या समुद्रात होती. आज ज्या देशाला आपण इंडोनेशिया म्हणतो, तेथे त्या वेळी डचांचे राज्य होते. आपला देश परक्यांच्या टाचेखाली गेला म्हणून तळमळणारे हे खलाशी ज्या बेटांच्या रक्षणासाठी लढत होते, तेथील लोकांच्या दृष्टीने ते स्वतःच परके राज्यकर्ते होते. इतिहासात अशा विसंगती पुष्कळ आढळतात. डिसेंबर १९४१ मध्ये जपान युद्धात उतरले. पुढच्याच महिन्यात ओ-१९ ने सयामच्या आखातात एक जपानी मालवाहू जहाज बुडवले. पण मार्च १९४२ मध्ये बेटे जपानच्या हाती गेली आणि पाणबुडीला कोलंबोचा आश्रय घ्यावा लागला. युद्धाच्या शेवटी शेवटी ती ऑस्ट्रेलियातील फ्रीमँटल बंदरातून कामगिरीवर निघत असे.

८ जुलै १९४५ रोजी ती फिलिपाइन्समधील सुबिक बेच्या रोखाने दक्षिण चीन समुद्रातून चालली होती. दोनच महिन्यांपूर्वी हॉलंड स्वतंत्र झाले होते. घराची वाट आता खुली होती. अशा वेळी मार्गाचा हिशेब चुकला आणि पाणबुडी लॅड नावाच्या प्रवाळ खडकावर चढून घट्ट अडकून बसली. तिला ना पुढे जाता येईना, ना मागे. आणि बुडी मारणे तर अशक्यच! उघड्या आकाशाखाली ५६ माणसे आभाळाकडे डोळे लावून बसली. एखादे जपानी विमान त्या बाजूला फिरकले असते, तर सगळा खेळ आटोपला असता.

त्यांच्या मदतीला आली ती ‘कॉड’ ही अमेरिकन पाणबुडी. (कॉड हे एका माशाचे नाव आहे. अमेरिकन लोक त्या काळी आपल्या पाणबुड्यांना माशांची नावे देत.) तिचे कप्तान वेस्टब्रुक यांनी ९ व १० जुलै असे दोन दिवस ओ-१९ ला ओढून काढण्याची खटपट केली. हे काम सोपे नव्हते. खडकाजवळ फार गेले तर कॉडही त्यावर आपटायची. दूर राहिले तर ओढता येत नाही. शिवाय हा सारा वेळ कॉडलाही पाण्यावर उघडेच राहावे लागत होते. इतके करूनही ओ-१९ जागची हलली नाही.

तेव्हा डच कप्तान फान होफ यांच्यापुढे एकच मार्ग उरला. पाणबुडी शत्रूच्या हाती पडू द्यायची नव्हती. सहा वर्षे जिने त्यांना अनेक संकटांतून सुखरूप आणले होते, तिचाच आता नाश करायचा होता. सर्वच्या सर्व ५६ जण कॉडवर आले. ओ-१९ मध्ये स्फोटके उडवण्यात आली. मग कॉडने तिच्यावर दोन टॉर्पेडो सोडले आणि तोफेचे १६ गोळे डागले. आपल्या नौकेवर पडणारा एकेक गोळा पाहताना त्या खलाशांना काय वाटले असेल!

एका पाणबुडीत आता १५३ माणसे झाली. मुळात जेथे स्वतःच्याच माणसांना पाय पसरायला जागा नसते, तेथे हे ५६ पाहुणे! तरी अडीच दिवस कॉडने त्यांना सांभाळले व सुबिक बेला सुखरूप उतरवले. एका देशाच्या पाणबुडीने दुसऱ्या देशाच्या पाणबुडीवरील माणसांना असे वाचवल्याचा हा एकमेव प्रसंग मानला जातो.

कॉड पुन्हा कामगिरीवर गेली आणि ऑगस्टमध्ये फ्रीमँटलला परतली. तेथे डच खलाशी तिची वाटच पाहत होते. त्यांनी कॉडच्या खलाशांना आभाराची मेजवानी दिली आणि ती चालू असतानाच जपानने शरणागती पत्करल्याची वार्ता आली. कॉड पाणबुडी पुढे अमेरिकेतील क्लीव्हलँड शहरी सरोवराच्या काठी संग्रहालय म्हणून जतन करण्यात आली. बुडवलेल्या जहाजांच्या खुणा जिच्यावर असतात, त्या तिच्या रणपताकेवर एका चषकाचे चित्र काढलेले आहे आणि त्याखाली लिहिले आहे : ओ-१९.