ताडोबाचे रान

चंद्रपूर जिल्ह्यात ताडोबाचे मोठे जंगल आहे. साग, ऐन, मोह, तेंदू आणि बांबू यांनी ते भरलेले आहे. मधे एक तलाव आहे. तलावात मगरी आहेत. काठावर तारू देवाचे ठाणे आहे. तारू हा गावाचा मुखिया होता, वाघाशी झुंजताना तो मेला, असे लोक सांगतात. त्याच्या नावावरूनच ताडोबा हे नाव पडले.

१९५५ साली सरकारने हे रान राष्ट्रीय उद्यान म्हणून राखले. महाराष्ट्रातले हे सर्वांत जुने राष्ट्रीय उद्यान. उद्यान म्हणजे फुलबाग नव्हे. तिथे झाड तोडायचे नाही. शिकार करायची नाही. गुरे चारायची नाहीत.

रानाजवळच्या एका गावात रात्रीचा वर्ग भरला होता. एक शेतकरी रागाने म्हणाला, "गुरुजी, आज वाघानं माझी गाय मारली. तिच्यावर विषच टाकतो. मरू दे एकदाचा!"

गुरुजी म्हणाले, "भाऊ, तुमचं नुकसान मोठं आहे. पण विष एकट्या वाघाला मारत नाही. गिधाडं मरतात, गावातली कुत्रीही मरतात. शिवाय १९७२ च्या कायद्यानं तो गुन्हा आहे. आणि वाघ गेला तर रानडुकरांना खाणार कोण? ती तुमच्याच धानात शिरतील."

एक आजी म्हणाल्या, "मोहफुलं वेचायला आम्ही खालचा पाला पेटवतो. त्यानं काय बिघडतं?"

"आजी, आग झाडाखालीच थांबत नाही. वारा आला की रानभर पसरते. लहान रोपं जळतात. पाला पावसाचं पाणी धरतो, मातीत मुरवतो. तेच पाणी पुढं नाल्याला आणि विहिरीला येतं. पाला जाळू नका, झाडून बाजूला करा."

शेतकरी म्हणाला, "सारं खरं, पण माझ्या गाईचं काय?"

"गाय जागची हलवू नका. लगेच वनरक्षकाला कळवा. पंचनामा होईल. सरकार भरपाई देतं. त्यासाठी अर्ज करावा लागतो."

"अर्ज लिहील कोण?"

गुरुजींनी पाटी त्याच्यापुढे सरकवली. "तुम्हीच! आधी पाटीवर, मग कागदावर."

शेतकऱ्याला चार ओळी लिहायला अर्धा तास लागला. पण कागदाखाली त्याने अंगठा उठवला नाही. सही केली.

सांगा पाहू :
१. विष टाकल्याने कोण कोण मरते?
२. रानातला पाला आपल्या काय कामाचा?
३. जनावर वाघाने मारले तर काय करावे?