बापूजी अणे यांचा राजीनामा

(यवतमाळचे वकील, पत्रकार व स्वातंत्र्यसैनिक बापूजी अणे इंग्रज सरकारात मोठ्या पदावर गेले. तेथे त्यांच्यापुढे कोणता कठीण प्रश्न उभा राहिला, ते या पाठात सांगितले आहे.)

यवतमाळ जिल्ह्यातील वणी येथे 29 ऑगस्ट 1880 रोजी माधव श्रीहरी अणे यांचा जन्म झाला. लोक त्यांना प्रेमाने 'बापूजी' म्हणत. नागपूरला शिक्षण घेतल्यावर काही वर्षे ते अमरावतीला शिक्षक होते. नंतर ते यवतमाळला वकिली करू लागले.

बापूजी लोकमान्य टिळकांचे अनुयायी होते. टिळकांनी 'केसरी'तून लोकांना जागे केले होते. 1918च्या सुमारास बापूजींनी यवतमाळमधून 'लोकमत' हे साप्ताहिक चालवले. उर्दूत ज्याला 'राए आम्मा' म्हणतात, तेच लोकमत. राज्य इंग्रजांचे होते, पण पत्र लोकांचे होते!

बापूजी केवळ लिहून थांबले नाहीत. 1930 मध्ये गांधीजींनी मिठाचा सत्याग्रह केला. विदर्भाला समुद्र नाही. येथील शेतकऱ्यांना जाच होता तो जंगलच्या कायद्याचा. म्हणून 10 जुलै 1930 रोजी बापूजींनी पुसद येथे राखीव जंगलातील गवत कापून कायदा मोडला. त्यांना तुरुंगवास झाला.

पुढे 1941 मध्ये व्हाइसरॉयने त्यांना आपल्या कार्यकारी मंडळात घेतले. परदेशांत राहणाऱ्या भारतीयांचे खाते त्यांच्याकडे आले. काल सरकारवर टीका करणारे बापूजी आज सरकारात बसले. अनेकांना हे आवडले नाही.

ऑगस्ट 1942 मध्ये 'छोडो भारत' आंदोलन सुरू झाले. चांदा जिल्ह्यातील चिमूर गावी लोकांनी उठाव केला. तो मोडण्यासाठी सरकारने फौज पाठवली. फौजेने स्त्रियांवर अत्याचार केले, अशा तक्रारी आल्या. त्यांची चौकशी व्हावी, म्हणून प्राध्यापक भन्साळी दिल्लीला गेले आणि बापूजींच्या घरी उपवासाला बसले. चिमूर बापूजींच्या विदर्भातलेच. दाराशी उपाशी बसलेला माणूस न्याय मागत होता आणि बापूजी तर सरकारचेच एक सभासद होते! पोलिसांनी भन्साळींना दिल्लीबाहेर काढले. तरीही त्यांनी उपवास सोडला नाही.

यानंतर 10 फेब्रुवारी 1943 रोजी गांधीजींनी पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये 21 दिवसांचा उपवास सुरू केला. ते तेथे कैदेत होते. त्यांची प्रकृती ढासळू लागली, तरी सरकार त्यांना सोडेना. आता गप्प राहणे म्हणजे सरकारच्या निर्णयाला होकार देणे होते. बापूजींनी राजीनामा दिला. होमी मोदी व नलिनी रंजन सरकार यांनीही त्यांच्याबरोबर पदे सोडली. गांधीजींची सुटका झाली नाही. पण सरकारच्या मंडळातूनच सरकारला विरोध झाला, हे साऱ्या देशाने पाहिले.

त्याच वर्षी बापूजी भारत सरकारचे प्रतिनिधी म्हणून श्रीलंकेत गेले. तेथील चहाच्या मळ्यांत हजारो भारतीय मजूर राबत होते. त्यांचे प्रश्न मांडण्याचे काम बापूजींकडे आले. 1948 ते 1952 या काळात ते बिहारचे राज्यपाल होते. 26 जानेवारी 1968 रोजी त्यांचे निधन झाले.

'लोकमत' मधल्या काळात बंद पडले होते. 1952 मध्ये जवाहरलाल दर्डा यांनी ते यवतमाळला पुन्हा सुरू केले. 1971 मध्ये नागपूरहून ते दैनिक झाले.

सरकारच्या वतीने बोलणे हे वाईट काम नाही. मात्र मन ज्याला 'नाही' म्हणते, त्याला जिभेने 'होय' म्हणण्याची वेळ आली, तर पद सोडावे. बापूजींनी तेच केले.

शब्दार्थ
अनुयायी – मागे चालणारा, शिष्य
साप्ताहिक – आठवड्यातून एकदा निघणारे पत्र
जाच – त्रास
राजीनामा – इस्तीफा
प्रतिनिधी – दुसऱ्याच्या वतीने काम करणारा

स्वाध्याय
1. पुसदच्या लोकांनी मिठाऐवजी गवताचा सत्याग्रह का केला?
2. भन्साळी बापूजींच्याच घरी उपवासाला का बसले असावेत?
3. बापूजींनी राजीनामा आधीच द्यायला हवा होता का? तुमचे मत पाच-सहा वाक्यांत लिहा.