बंद पडलेला पेन ड्राइव्ह : आधी हिशेब, मग दुरुस्ती

चंद्रपूर-गडचिरोलीकडे धान निघेपर्यंत कापडाची उधारी चालते. आमच्या दुकानाची ही सारी उधारी एकाच पेन ड्राइव्हमध्ये होती. एक दिवस संगणक त्याची क्षमता शून्य दाखवू लागला. मेकॅनिकने तो चालू करून दिला, पण कोरा! असे नुकसान इतर व्यापारी बांधवांचे होऊ नये म्हणून ही माहिती.

पेन ड्राइव्हमध्ये बहुधा दोन मुख्य चिप असतात. एकीत मजकूर साठतो. दुसरी, म्हणजे कंट्रोलर, तो लिहिते आणि वाचते. कंट्रोलर ज्या आज्ञावलीवर चालते तिला फर्मवेअर म्हणतात. ती बिघडली की क्षमता शून्य दिसते किंवा ‘डिस्क घाला’ असा संदेश येतो.

दुरुस्तीचा क्रम असा :

१) ड्राइव्ह वाचता येत असेल, फक्त लिहिता येत नसेल, तर आधी सर्व मजकुराची नक्कल करून घ्यावी.

२) ‘चिपजीनियस’ या प्रोग्रामने कंट्रोलरची कंपनी व क्रमांक पाहावा.

३) त्याच क्रमांकाला चालणारे टूल वापरावे. चुकीच्या टूलने ड्राइव्ह कायमचा निकामी होऊ शकतो. मध्येच वीज जाऊ नये म्हणून बॅटरी भरलेला लॅपटॉप बरा.

४) शेवटी ‘एच-टू-टेस्ट-डब्ल्यू’ने पूर्ण क्षमता तपासावी.

लक्षात ठेवा, या टूलने ड्राइव्ह सुधारतो, मजकूर पुसला जातो. मजकूर हवा असेल तर टूल न लावता डेटा रिकव्हरीच्या जाणकाराकडे जावे. दुरुस्त केलेल्या ड्राइव्हवर हिशेब ठेवू नये. जीएसटी नोंदणी असलेल्यांना हिशेब वार्षिक विवरणपत्राच्या अंतिम तारखेपासून ७२ महिने जपावा लागतो. तेव्हा नकला दोन ठेवा. एक दुकानात, एक घरी.