पहिली तबकडी

गायकाचा पहिला ‘अल्बम’ प्रसिद्ध झाला, अशी वार्ता हल्ली वारंवार कानी येते. हा शब्द मूळचा चित्रे चिकटविण्याच्या वहीचा. पूर्वी गाण्याच्या तबकडीच्या एका बाजूस बहुधा एकच गीत मावत असे. अशा काही तबकड्या, पानांच्या जागी पाकिटे असलेल्या जाड वहीत जपून ठेवीत व त्या वहीस अल्बम म्हणत. १९४८ साली दीर्घकाळ वाजणारी तबकडी निघाली, तेव्हा ती सारी गीते एकाच तबकडीवर आली. वही गेली, नाव मात्र उरले.

त्या जुन्या तबकडीची घडण जाणण्यासारखी आहे. गायकाच्या आवाजाने एक पातळ पडदा कंप पावे व त्यास जोडलेली सुई फिरत्या मेणावर नागमोडी रेघ कोरीत जाई. १९२५ च्या सुमारास कर्ण्याची जागा विजेच्या ध्वनिग्राहकाने घेतली. मेणावरील रेघेवरून धातूचा ठसा घेत आणि त्या ठशाखाली लाखेच्या मिश्रणाच्या तबकड्या दाबून काढीत. ही लाख म्हणजे पळस, बोर, कुसुम अशा वृक्षांवर राहणाऱ्या किड्यांचा स्राव होय. दहा इंची तबकडी मिनिटास ७८ फेरे घेई व सुमारे तीन मिनिटांत संपे. म्हणजे एका गीतास अवघे २३४ फेरे! मेणावर उमटलेला चुकीचा स्वर पुसता येत नसे. नव्या मेणावर पुन्हा आरंभ करावा लागे. जो राग बैठकीत तासभर विस्तारावा, त्याचे सार तीन मिनिटांत निर्दोष मांडणे ही गायकाची कठोर परीक्षाच होती.

या परीक्षेस उतरलेल्या गायकांत खाँसाहेब अब्दुल करीम खाँ हे अग्रगण्य होत. आपल्या विश्रामबागेहून थोड्याच अंतरावर असलेले मिरज ही त्यांची उत्तरायुष्यातील वसतिभूमी. १९३७ साली मद्रास प्रांतात प्रवासात असता त्यांचे देहावसान झाले. त्यांची समाधी मिरजेसच आहे. परंतु त्यांचा सूर तबकड्यांच्या योगे दूरदूरच्या गावी आधीच पोहोचला होता.

अशा गावांपैकी एक गदग. तेथे गुरुराज जोशी या शिक्षकांचा भीमसेन नावाचा पुत्र होता. खाँसाहेबांच्या झिंझोटी रागातील ठुमरीच्या तबकडीने या बालकास वेड लावले, ही हकीकत संगीताच्या जगात प्रसिद्ध आहे. १९३३ साली, वयाच्या अकराव्या वर्षी, तो गुरूच्या शोधार्थ घर सोडून गेला. ग्वाल्हेर, कलकत्ता अशी भटकंती करीत तो जालंदरास पोहोचला. तेथे पित्याने त्यास शोधून काढले व घरी आणले. बालमित्रांनो, या गृहत्यागाचे अनुकरण कोणीही करू नये. अनुकरणीय आहे ती ज्ञानाची तहान.

पुढे १९३६ साली कुंदगोळचे रामभाऊ, म्हणजे सवाई गंधर्व, यांनी त्यास शिष्य केले. ते स्वतः खाँसाहेबांचेच शिष्य. जो सूर तबकडीतून ऐकला होता, त्याचीच विद्या आता गुरुमुखातून मिळू लागली. गुरुगृही पाणी भरावे, पडेल ते काम करावे, आणि तोडी, मुलतानी, पूरिया अशा मोजक्याच रागांचे अखंड परिशीलन करावे, असा क्रम कित्येक वर्षे चालला. १९४१ साली भीमसेनांचे पहिले जाहीर गायन झाले. १९४२ साली हिज मास्टर्स व्हॉइस या कंपनीने त्यांच्या काही भक्तिगीतांचे पहिले ध्वनिमुद्रण प्रसिद्ध केले, तेव्हा त्यांचे वय वीस वर्षांचे होते.

घर सोडल्यापासून ही पहिली तबकडी निघेपर्यंत नऊ वर्षे लोटली. तीन मिनिटांच्या गीतामागे नऊ वर्षांचे श्रम! हेच भीमसेन पुढे भारतरत्न झाले. १९५३ साली गुरूंच्या स्मरणार्थ पुण्यात त्यांनी आरंभिलेला संगीतोत्सव त्यांच्या निधनानंतरही चालू आहे.

आज कोणतेही गाणे खिशातील यंत्रावर क्षणात ऐकू येते आणि स्वतःचे गाणेही तितक्याच सहज मुद्रित करता येते. यंत्र सुलभ झाले, विद्या मात्र सुलभ झालेली नाही. तबकडीने भीमसेनांस तहान दिली, पाणी दिले ते गुरूने. आणि ते ओंजळीत धरून ठेवण्याचे कष्ट त्यांचे त्यांनाच करावे लागले. पालकांनीही हे ध्यानी घ्यावे. पाल्याने एखादी कला वा विद्या मनापासून आवडल्याचे सांगितले, तर तिचे फळ कधी दिसेल हे विचारण्यापूर्वी, तिच्यासाठी योग्य गुरू कोठे मिळेल याचा शोध घ्यावा. म्हणजे तहानलेल्या मुलास घर सोडून जाण्याची वेळ येणार नाही.