दट्ट्या, धक्का आणि काजळी

वाणिज्य शाखेच्या विद्यार्थिनीने इंजिन आणि रायफल यांवर लेख लिहावा, याचे वाचकांना नवल वाटेल. पण या विषयाकडे मला माझ्याच हिशेबातल्या एका चुकीने आणले. म्हणून आधी ती चूक सांगते.

उन्हाळ्याच्या सुट्टीत मी इंदूरला मामांकडे गेले होते. तुकोगंजात, नाथमंदिरापासून थोड्या अंतरावर, त्यांचा लहानसा छापखाना आहे. वीज गेली की मागच्या पडवीतला जुना डिझेल जनरेटर चालवावा लागतो. "तू बी. कॉम.ची ना? मग हे जरा बघ," असे म्हणून मामांनी वह्या पुढे ठेवल्या. मी जनरेटरचे वेगळे खाते काढले. डिझेलचा खर्च वाढला होता. मात्र पूर्वी वरचेवर घालावे लागणारे इंजिन ऑइल दोन महिन्यांत एकदाही घेतलेले नव्हते. मी ऐटीत शेरा लिहिला : 'ऑइलच्या खर्चात बचत.' मामा खूश झाले.

रात्री घरी फोन केला. आमचे गाव चिकोडी तालुक्यात. वडिलांच्या शेतावर डिझेलचा पंप आहे. जनरेटर फार धूर करतो, असे मी सहज म्हणाले. वडिलांनी लगेच विचारले, "होगे याव बण्ण?" धूर कोणत्या रंगाचा? सुरू करताना पांढरट, मग काळा, असे मी सांगितले. "उद्या ऑइलची पट्टी काढ आणि वास घे," ते म्हणाले.

सकाळी पट्टी काढली. ऑइल वरच्या खुणेच्याही वर चढले होते, पातळ झाले होते आणि त्याला डिझेलचा वास येत होता. माझी 'बचत' म्हणजे ऑइलमध्ये मिसळलेले डिझेल होते!

हे घडते कसे, ते थोडक्यात पाहू. डिझेल इंजिनात ठिणगी नसते. दट्ट्या, म्हणजे मिस्त्री ज्याला पिस्टन म्हणतात तो, सिलिंडरमधली हवा सुमारे सोळापट दाबतो. त्या दाबाने हवा पाचशे अंश सेल्सियसहून अधिक तापते. त्याच क्षणी नोझलमधून डिझेलचा बारीक फवारा उडतो, पेट घेतो आणि फुगलेला वायू पिस्टनला खाली ढकलतो. रुडॉल्फ डिझेलचे इंजिन १८९७ मध्ये यशस्वी झाले ते याच तत्त्वावर.

मात्र फवारा धुक्यासारखा बारीक हवा. नोझल गळू लागले की जाड थेंब पिस्टनच्या माथ्यावर आणि सिलिंडरच्या भिंतीवर आदळतात. त्यातले काही अर्धवट जळून काजळी होते. उरलेले भिंतीवरचा वंगणाचा पापुद्रा धुऊन काढतात आणि रिंगांच्या फटीतून खालच्या ऑइलमध्ये उतरतात. असेच चालू राहिले तर रिंगा झिजतात, बेअरिंगे कोरडी पडतात आणि एक दिवस इंजिन जाम होते. मग नव्या जनरेटरचा खर्च मामांना पेलला नसता.

इंधन पिस्टनवर पडणे हा नेहमीच दोष असतो, असे मात्र नाही. जर्मनीच्या एम. ए. एन. कारखान्याने १९५०च्या दशकात असे इंजिन काढले की, त्यात बरेचसे इंधन पिस्टनमधल्या वाटीच्या भिंतीवर मुद्दाम पसरवले जाई आणि ते तिथून वाफ होऊन जळे. त्यामुळे इंजिनाचा आवाज कमी झाला. ती वाटी त्याच कामासाठी आखलेली होती. आमच्या जनरेटरची नव्हती.

मिस्त्री पिस्टनवरची काजळी खरवडत असताना शेजारचे सुभेदारकाका तिथे आले. इंदूरजवळच्या महू छावणीत, जिथे इन्फंट्री स्कूल आहे, तिथे त्यांची नोकरी झाली. काजळी पाहून ते हसले. "रायफलीतही हेच भांडण आहे, बाळ. वायू कुठे न्यायचा?"

एन. सी. सी.मध्ये आम्ही पॉइंट टू-टू रायफलचा बोल्ट हाताने मागे ओढतो. आपोआप भरणाऱ्या रायफलीत हे काम दारूचा वायू करतो. गोळी नळीतल्या एका छिद्रापुढे गेली की थोडा वायू त्या छिद्रातून बाहेर वळतो. ईशापूरला पूर्वी तयार होणाऱ्या ७.६२ मि.मी. सेल्फ लोडिंग रायफलीत तो छोट्या पिस्टनवर आदळे; पिस्टन बोल्टच्या वाहकाला टोला देऊन स्प्रिंगने जागेवर येई. पुण्याच्या शस्त्रास्त्र संशोधन संस्थेने आखलेल्या इन्सास रायफलीत पिस्टन वाहकाला जोडलेलाच असून त्याच्याबरोबर पूर्ण मागे जातो. दोन्हीकडे काजळी मुख्यतः पुढेच, पिस्टनजवळ राहते.

स्वीडनच्या १९४२च्या युंगमान रायफलीत मात्र वेगळा पिस्टनच नव्हता. बारीक नळीतून वायू थेट वाहकावर आदळे. अमेरिकेच्या एम-१६मध्येही वायू नळीतून मागे येतो आणि वाहकाच्या आतच फुगतो; बोल्टच तिथे पिस्टनचे काम करतो. वजन आणि हलते भाग कमी झाले, पण उष्णता आणि काजळी बोल्टपाशी पोचली. व्हिएतनाममध्ये या रायफली अडकू लागल्या आणि १९६७ मध्ये अमेरिकन संसदेच्या उपसमितीने चौकशी केली. तेव्हा दिसले ते असे की, काडतुसातली दारू बदलली होती आणि सैनिकांना सफाईचे साहित्य पुरेसे दिलेले नव्हते. बचतीची किंमत रणांगणावर सैनिकांनी मोजली.

विद्यार्थी मित्रांनो, पिस्टन घाला किंवा काढा, काजळी नाहीशी होत नाही. तिची जागा तेवढी बदलते. जमाखर्चाचेही तसेच आहे. एका खात्यात खर्च घटलेला दिसला, तर तो दुसऱ्या कुठल्या खात्यात उतरला, हे विचारल्याशिवाय 'बचत' हा शब्द लिहू नये.

मामांचे काम नवे नोझल, नव्या रिंगा आणि ताजे ऑइल यांवर भागले. लग्नपत्रिकांची कामे थांबली नाहीत. वहीतला माझा शेरा मी खोडला नाही. नियमाप्रमाणे त्याखाली दुरुस्तीची नोंद केली आणि मामांना वाचून दाखवली. ते म्हणाले, "आता तू हिशेब शिकलीस."