शिवाजी पार्क : एका मैदानाची वाटणी

‘पार्क’ हा शब्द आपण दोन अगदी वेगळ्या गोष्टींसाठी वापरतो. एक उद्यान आणि दुसरे मैदान. उद्यानात आखलेल्या वाटेवरून चालावे, फुलांना हात लावू नये, अशी अपेक्षा असते. मैदानात पळावे, पडावे, गुडघे फोडून घ्यावेत. दादरच्या शिवाजी पार्कला नाव मिळाले पार्कचे आणि काम करावे लागते मैदानाचे. शिवाय सभागृहाचे, संचलनभूमीचे आणि वर्षातून एकदा धर्मशाळेचेही.

समाजशास्त्राच्या प्रकल्पासाठी मी या मैदानावरील करमणुकीच्या सोयींचा विषय घेतला. सोयींची यादी एका सकाळीच झाली : जिमखाना, व्यायाम मंदिर, बंगाल क्लब, टेनिसची जागा, लहान मुलांच्या खेळाचे आवार, ज्येष्ठांसाठी नाना-नानी पार्क आणि एका कडेला उद्यान गणेश. पण या साऱ्या सोयी कडेकडेने आहेत. मधला प्रचंड भाग रिकामा आहे, आणि पार्कातील सर्वांत मोठी सोय तीच आहे असे मला वाटते. ती कोण, केव्हा आणि कोणत्या नियमाने वापरतो, हे पाहण्यात माझे बरेच महिने गेले.

थोडा इतिहास आवश्यक आहे. आज दादरला उपनगर म्हटले तर कोणीही दादरकर रागावेल. परंतु शंभर वर्षांपूर्वी दादर-माटुंगा हेच मुंबईचे उपनगर होते. १८९६ मध्ये मांडवीच्या दाट वस्तीत प्लेग उद्भवला आणि शहराला हवा व उजेड लागतो याची सरकारला जाणीव झाली. १८९८ मध्ये सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. उत्तरेकडे रुंद रस्ते, हवेशीर इमारती आणि मधूनमधून मोकळ्या जागा अशा वसाहतींच्या योजना निघाल्या. माहीमच्या बाजूची ही जागा महापालिकेने १९२५ मध्ये लोकांसाठी खुली केली, तेव्हा तिचे नाव माहीम पार्क होते. १९२७ मध्ये शिवजन्माच्या त्रिशताब्दीनिमित्त नगरसेविका अवंतिकाबाई गोखले यांच्या पुढाकाराने तिला शिवाजी महाराजांचे नाव मिळाले. (त्या काळी जन्मवर्ष १६२७ मानण्याचा प्रघात होता, आज शासनाने १६३० हे वर्ष स्वीकारले आहे.) गांधीजींचे मराठी चरित्र १९१८ इतक्या लवकर लिहिणाऱ्या त्या याच अवंतिकाबाई. २०२० मध्ये महापालिकेने हे नाव ‘छत्रपती शिवाजी महाराज पार्क’ असे केले. बसच्या वाहकापासून पेन्शनरांपर्यंत सर्वजण मात्र अजून नुसते ‘पार्क’ म्हणतात.

आता मधल्या रिकाम्या जागेकडे येऊ. पार्कचे एकूण क्षेत्र १,१२,९३७ चौरस मीटर, म्हणजे जवळजवळ २८ एकर आहे. क्रिकेटची सीमारेषा ६५ मीटरांवर धरली तर एका सामन्याला सुमारे १३,२७० चौरस मीटर जागा लागते. वर्तुळे एकमेकांना चिकटवून मांडली तरी मध्ये सांदी राहतातच. तेव्हा पार्कात दुसरे काहीही नाही असे गृहीत धरूनही सहासात सामन्यांच्या पुढे गणित जात नाही. रविवारी सकाळी मात्र त्याहून कितीतरी जास्त सामने चाललेले असतात. कारण ही वर्तुळे एकमेकांवर पडलेली आहेत. एका सामन्याचा मिड-विकेट दुसऱ्या सामन्याच्या स्लिपच्या पाठीशी उभा असतो. चेंडू परक्या सामन्यात शिरला की ‘बॉल!’ अशी आरोळी होते, तेथला गोलंदाज धाव थांबवतो, कोणीतरी चेंडू परत फेकतो, आणि दोन्ही खेळ पुढे सुरू होतात. हा नियम कोठल्याही फलकावर नाही. नवीन मुलगा तो पहिल्याच दिवशी शिकतो, बहुधा शिवी खाऊन.

या दाटीतच नेटचे महत्त्व कळते. जाळीने वेढलेली एक अरुंद पट्टी असली की फलंदाजाला शेजाऱ्याचे डोके न फोडता पूर्ण ताकदीने फटका मारता येतो. रमाकांत आचरेकर सरांनी अशाच नेटमध्ये सचिन तेंडुलकर, विनोद कांबळी यांना घडवले. यष्टीवर रुपयाचे नाणे ठेवायचे, सचिनला बाद करील त्या गोलंदाजाला ते मिळायचे, आणि कोणीच बाद करू शकले नाही तर सचिनला, ही गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. मला तीत दुसरेच काही दिसते : कितीही गर्दी असली तरी एकाच मुलाकडे संपूर्ण लक्ष देण्याची ती एक युक्ती होती. सर २०१९ मध्ये निवर्तले. २०२४ च्या डिसेंबरात पार्कच्या प्रवेशद्वाराशी त्यांचे स्मारकशिल्प उभे राहिले. पावसाळ्यातील चिखलात आणि गुडघाभर गवतात खेळण्यासाठीच १९४८ मध्ये सुरू झालेल्या कांगा लीगचे सामनेही येथे होतात. त्याविषयी आपल्या जिमखान्यातील जाणकारांनी लिहावे, माझा तो अधिकार नाही.

क्रिकेटला एकरांनी जागा लागते, तर मल्लखांबाला एका खोलीएवढी पुरते. पार्कच्या कडेला असलेल्या समर्थ व्यायाम मंदिरात हे रोज दिसते. जमिनीत पुरलेला लाकडी खांब वर अडीच मीटरांच्या थोडा पुढे असतो. खालचा जाड भाग अंग, वरची निमुळती मान आणि टोकाचे बोंड. अंगाला एरंडेल लावतात, म्हणजे कातडी सोलवटत नाही. दुसरा प्रकार टांगता, आणि तिसरा दोरीचा. पूर्वी दोरीऐवजी वेत असे. चांगला वेत मिळेनासा झाल्यावर सुती दोर आला. एका खांबाभोवती वीस मुले ओळीने उभी असतात, प्रत्येकाची पाळी मिनिटाभराची, आणि बाकीची एकोणीस पाहत असतात. पाहणे हाही तालमीचाच भाग आहे असे तेथील शिक्षक मानतात. या संस्थेचे उदय देशपांडे यांना २०२४ मध्ये पद्मश्री मिळाली. त्याआधी २०१९ च्या फेब्रुवारीत मल्लखांबाची पहिली जागतिक स्पर्धा याच पार्कात भरली होती. पुण्या-सातारच्या तालमींतून आलेला हा व्यायाम शिकायला परदेशी मुले दादरला आली, ही गोष्ट अभिमानाची खरीच. परंतु मला अधिक मोलाचे वाटते ते येथील मुलींचे प्रमाण.

ते का, हे कट्ट्यावर बसल्यास समजते. पार्कभोवती सुमारे ११७० मीटरांचा सलग बुटका कट्टा आहे. त्याला तिकीट नाही, वेळ नाही, दार नाही. पहाटे त्यालगत चालणाऱ्यांची रांग असते, दुपारी पर्जन्यवृक्षांच्या सावलीत कुरियरवाले डबा खातात, संध्याकाळी पेन्शनरांचे ठरलेले गट आणि अंधार पडता पडता ठरवून भेटलेली जोडपी. प्रत्येक गटाची जागा ठरलेली असते. अमुक काकांच्या जागेवर मी एकदा वही घेऊन बसले, तर त्यांनी काही न बोलता माझ्यासमोर उभे राहून वर्तमानपत्र वाचायला सुरुवात केली.

कट्ट्यावरून पार्कचा नकाशा स्पष्ट दिसतो. मध्यभाग मुलग्यांचा आहे आणि कड सर्वांची. बायका चालतात त्या कडेने, आज्या बसतात त्या कडेला, मुली व्यायाम करतात तोही बव्हंशी कडेच्या संस्थांमध्ये. अलीकडे काही क्लबांत मुलींचे क्रिकेट सुरू झाले आहे. पण मोकळ्या मैदानात चार मुलींनी आपणहून यष्ट्या ठोकून डाव मांडल्याचे मी एकदाही पाहिले नाही. मोकळी जागा सर्वांची असते असे आपण सहज म्हणून जातो. जी जागा आधी येईल त्याची, ती प्रत्यक्षात ज्याला घरून लवकर निघता येते त्याची असते.

खेळाखेरीजचे वापर हा वादाचा विषय. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात आचार्य अत्र्यांच्या सभा येथे गाजल्या. ३० ऑक्टोबर १९६६ रोजी शिवसेनेचा पहिला दसरा मेळावा येथेच झाला. दसऱ्याच्याच सुमारास एका कोपऱ्यात बंगाल क्लबची दुर्गापूजा असते. सभा संपते, पण मंडपाच्या खांबांचे खड्डे, खिळे आणि खडी मागे राहतात, आणि नंतरचे कित्येक दिवस मुले तेथे घसरतात. २०१० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने हा परिसर शांतता क्षेत्र ठरवला. अशा क्षेत्रात आवाजाची मर्यादा दिवसा ५० आणि रात्री ४० डेसिबल असते. २६ जानेवारी, १ मे आणि ६ डिसेंबर हे दिवस त्यातून वगळले गेले. २०२२ मध्ये तर दसऱ्याला मैदान कोणत्या गटाला द्यायचे हाच प्रश्न न्यायालयात गेला. त्याच वर्षी लता मंगेशकरांवर येथे अंत्यसंस्कार झाले आणि स्मारकाची मागणी निघाली. तिला उत्तर म्हणून ‘मैदान मैदानच राहू द्या’ असे म्हणणारेही पुढे आले. माझे मत दुसऱ्या बाजूचे आहे. मेळावा दुसऱ्या दिवशी उठतो, चबुतरा उठत नाही.

६ डिसेंबरचा वापर मात्र मला वेगळा वाटतो. चैत्यभूमी जवळच असल्याने विदर्भ-मराठवाड्यातून लाखो माणसे त्या दिवसांत येथे येतात. महापालिका मंडप, नळ, शौचालये उभारते. माणसे तेथेच झोपतात, जेवतात, आणि पुस्तकांच्या दुकानांतून पिशव्या भरून नेतात. ज्या कट्ट्यावर एरवी जागांचे हक्क चालतात, तेथे त्या रात्री परगावची कुटुंबे अंथरूण घालतात. शेजारच्या इमारतींतून त्या दिवसांबद्दल कुरकुर ऐकू येते, आणि तीच माणसे कांगा लीगच्या आरडाओरड्याला ‘पार्कची मजा’ म्हणतात, याची नोंद केली पाहिजे.

राहता राहिली धूळ. पावसाळा संपला की लाल माती उडू लागते आणि भोवतालच्या घरांच्या खिडक्या मेपर्यंत बंद राहतात. पाणी शिंपडणे, पावसाचे पाणी जिरवणे, गवत लावणे असे उपाय महापालिकेने केले आहेत. गवत टिकायचे तर त्याला काही महिने पायांपासून सुट्टी मिळाली पाहिजे. दर पावसाळ्यात मैदानाचा एक चतुर्थांश भाग दोर बांधून बंद ठेवावा, असे मला सुचते. चार वर्षांत फेरी पुरी होईल. मी ही कल्पना वेगवेगळ्या क्लबांतील प्रशिक्षकांना सांगितली. कल्पना उत्तम आहे असे सर्वांनीच म्हटले, आणि सुरुवात पलीकडच्या टोकापासून करावी असेही सर्वांनीच सुचवले.