कागद करून ठेव, बाई

खांबावर सरसर चढता येतं म्हणजे जन्माची भाकरी पक्की झाली, ही समजूत आधी जावयांच्या डोक्यातून काढ. परवा फोनवर तू मोठ्या कौतुकानं म्हणालीस, "ताई, ह्यांच्याशिवाय गावातली लाईन येतच नाही." खोटं नाही ते. डीपीचा फ्यूज उडाला की हाक जावयांना. वादळात पऱ्हाटीच्या वावरात तार तुटून पडली की हाक जावयांना. टिपेश्वर अभयारण्यातला वाघ पैनगंगा ओलांडून तुमच्या भीमपूरच्या शिवारात आलाय अशी बोंब असते, माणसं दिवसाढवळ्या वावरात जायला कचरतात, आणि हे आपले रात्री टॉर्च घेऊन फॉल्ट शोधत फिरतात. सगळं कबूल. पण ज्याच्यावाचून अख्ख्या गावाचं अडतं, त्याचं नाव एकाही रजिस्टरात नाही, हे तुला खुपत कसं नाही?

आमच्याकडे पांढरकवड्याला अशा माणसाला झीरो वायरमन म्हणतात. खरा लाईनमन खाली उभा राहतो, झीरो वर चढतो. पैसे मिळतात ते कुणाच्या तरी खिशातून, पावतीशिवाय. हात भाजला, पाय मोडला, तर "हा आमचा माणूसच नव्हे" म्हणायला सगळे मोकळे. एका गावात मी हे डोळ्यांनी पाहिलंय. बाई दोन लेकरं घेऊन ऑफिसच्या पायरीवर बसली होती आणि नवरा त्या दिवशी खांबावर का चढला, याचं उत्तर देणारा एक जण पुढे येत नव्हता. तुला घाबरवायला सांगत नाही. घाबरायचं असतं तर मी स्वतः या धंद्यात आले नसते.

तुझ्या राज्यातलीच गोष्ट घे. 2017 मध्ये तेलंगणाच्या वीज कंपन्यांनी ठेकेदारांकडचे सुमारे 23 हजार कामगार 'आर्टिझन' म्हणून आपल्याकडे घेतले. चार ग्रेड पाडले, पगार ठरला. त्यात कोण आले? ज्यांचं नाव ठेकेदाराच्या हजेरीपटावर होतं, ज्यांच्याकडे दाखवायला काहीतरी होतं, ते. तेवढंच काम येणारे, पण नाव कुठेच नसलेले, बाहेर राहिले. पुन्हा तशी वेळ आली तर जावयांनी काय दाखवायचं? हातावरचे घट्टे?

म्हणून म्हणते, कागद करून ठेवा. आणि हो, हा कागद शाळेत जाऊन दोन वर्षं बसल्याशिवाय मिळतच नाही असं नाही. हाताला आधीच येत असलेल्या कामाची परीक्षा घेऊन प्रमाणपत्र द्यायची सोय कौशल्य विकास योजनेत आहे, तिला आरपीएल म्हणतात. थोडे दिवस उजळणी, मग परीक्षा. वीजक्षेत्राची वेगळी स्किल कौन्सिल आहे, तिच्या यादीत 'लाईनमन डिस्ट्रिब्युशन' असं कामच नोंदलेलं आहे. ते प्रमाणपत्र म्हणजे नोकरी नव्हे, हे मी आधीच सांगून ठेवते, नाहीतर उद्या माझ्या नावानं खडे फोडाल. पण ठेकेदाराकडे रीतसर लागायचं असेल, विम्यात नाव घालून घ्यायचं असेल, तर बोलायला काहीतरी हातात राहतं.

दुसरं, जावई शिकले ते बघून बघून. बघून शिकलेल्याचा हात चालतो छान, पण त्याला 'का' विचारलं की तो गप्प होतो, आणि या धंद्यात जीव त्या 'का'पाशीच जातो. लाईन बंद करून घ्यायला तुमच्याकडे एल.सी. म्हणजे लाईन क्लिअर घेतात, आमच्याकडे परमिट, काम एकच. सबस्टेशनातून होकार आला की चढले वर. आमच्या आयटीआयच्या पोरांकडून मी पहिल्याच महिन्यात घोकून घेते की बंद केलेली लाईन म्हणजे मेलेली लाईन नव्हे. एबी स्विचचं हँडल खाली ओढलं तरी वर एखादं पातं गंजून चिकटलेलं राहतं, म्हणून तिन्ही पाती उघडल्याचं मान वर करून डोळ्यांनी बघायचं. मग टेस्टर लावायचा. मग डिस्चार्ज रॉड, आणि त्यातही आधी जमिनीकडचं टोक अर्थिंगला घट्ट आवळायचं, नंतर हूक तारेला लावायचा. काढताना बरोबर उलटं, आधी तारेवरचा हूक, मग खालचं टोक. आणि जिथं काम चाललंय त्याच्या एकाच नाही, दोन्ही बाजूंना अर्थिंग.

दोन्ही बाजूंना का? कारण वीज मागून येते. कुणीतरी लग्नघरी जनरेटर आणलेला असतो, चेंजओव्हर स्विच न बसवता सरळ बोर्डात तार खुपसलेली असते. ते 230 व्होल्ट डीपीत उलटे शिरतात. अकरा हजारांचे खाली उतरवणारा डीपी उलट्या बाजूनं वीज आली तर तेवढेच वर चढवतो. खांबावरच्या माणसाला वाटतं लाईन बंद आहे. जावयांना विचारून बघ, रॉडचं कुठलं टोक आधी लावता? बरोबर सांगितलं तर माझ्याकडून त्यांना एक पँटपीस. केंद्रीय वीज प्राधिकरणाच्या 2023 च्या सुरक्षा नियमांत देखभालीवरच्या माणसाला प्रशिक्षण दिलेलं असलंच पाहिजे असं आहे. ते झीरोपर्यंत पोचत नाही, कारण कागदावर झीरो नाहीच.

आता बदलाचं. खांबावरचं काम काही उद्या संपत नाही, वादळं थांबणार आहेत थोडीच. पण पैसा आता खांबावरून खाली, डब्यांत उतरतोय. मीटरच्या डब्यात, सोलरच्या कंट्रोलरच्या डब्यात. 2021 च्या केंद्राच्या आरडीएसएस योजनेत देशभर 25 कोटी स्मार्ट मीटर लावायचं लक्ष्य धरलंय. आमच्या महाराष्ट्रात 2024 मध्ये त्यावर एवढा गदारोळ झाला की सामान्य घरांना प्रीपेड मीटर लावणार नाही असं सरकारला सांगावं लागलं. मीटर बदलणं मात्र थांबलेलं नाही. ते चांगलं की वाईट हा वाद बाजूला ठेव, आपल्या घरापुरतं एवढं बघ की नवा मीटर आपला आकडा आपणच पाठवतो. रीडिंग घेत दारोदार फिरणाऱ्याचं काम आटत जाणार. म्हणून गावात कुणी 'मीटर रीडरचा कोर्स' विकायला आलं तर त्याला चहा पाज आणि वाटेला लाव. वीजक्षेत्राच्या त्याच स्किल कौन्सिलच्या यादीत मीटर टेक्निशियनचंही काम आहे. मीटर बसवणं, जोडणी तपासणं, टाँगटेस्टर लावून करंट बघणं. शिकायचं तर ते.

आणि सोलर. आमच्या बाजूला 'मागेल त्याला सौर कृषी पंप' चाललंय, शेतकऱ्याचा हिस्सा 10 टक्के, अनुसूचित जाती-जमातीला 5. तुमच्याकडे मे 2025 मध्ये इंदिरा सौर गिरी जलविकासम सुरू झाली. वनहक्काची जमीन मिळालेल्या आदिवासी शेतकऱ्यांना सोलर पंप, 12,600 कोटींची योजना, 6 लाख एकर भिजवायचं म्हणतात. वनहक्काच्या जमिनी कुठे आहेत? तुमच्याच आदिलाबाद जिल्ह्यात, आपल्या गोंड-कोलाम शेजाऱ्यांच्या. पंप बसवून कंपनीचा माणूस निघून जाईल. सहा महिन्यांनी डब्यावर काहीतरी अक्षरं लुकलुकतील नि पाणी येणं थांबेल, तेव्हा हैदराबादहून कोण येणार आहे? त्या डब्याची भाषा येणारं माणूस भीमपुरातच असलं तर त्याला हाका मारून माणसं थकतील. पुष्कळदा बिघाड असतो क्षुल्लक. विहिरीचं पाणी खाली गेलेलं असतं आणि मोटर कोरडी चालू नये म्हणून कंट्रोलरनंच ती थांबवलेली असते. कधी सोलरच्या पाटीवर नुसता धुळीचा थर बसलेला असतो.

पण इथंही बघून शिकलेला माणूस फसतो. खांबावरची वीज स्विच पाडून बंद होते, पाटी सूर्य असेपर्यंत बंदच होत नाही. दहाबारा पाट्या एकीला एक जोडल्या की चारशे व्होल्टच्या घरात डीसी तयार होते. चालू लोडवर कनेक्टर ओढून काढला तर जाळ होतो, आणि डीसीचा जाळ एसीसारखा चटकन विझत नाही. आधी डीसी आयसोलेटर पाडायचा, मग कनेक्टरला हात. खांबावर पंधरा वर्षं काढलेल्या एका माणसाला मी "सोलरला काय घाबरायचं, ती तर उन्हाची वीज" असं म्हणताना ऐकलंय.

सोलरसाठी 'सूर्यमित्र' नावाचा कोर्स आहे. राष्ट्रीय सौर ऊर्जा संस्थेनं 2015 मध्ये सुरू केलेला, 600 तासांचा, म्हणजे तीनेक महिने. दहावी आणि आयटीआयचा इलेक्ट्रिशियन, वायरमनसारखा ट्रेड लागतो. फी नाही. पुढची तुकडी कुठे नि कधी, हे आदिलाबादच्या आयटीआयत जाऊन विचार. तीस हजार भरा, हमखास नोकरी, असं कुणी म्हणालं तर चपला घाल आणि घरी ये.

आता खरं बोलू? हा कोर्स जावयांसाठी नाहीच. आयटीआय कुणाकडे आहे? तुझ्याकडे. इलेक्ट्रिशियनचं सर्टिफिकेट तू कपाटात साड्यांखाली घालून ठेवलंयस, मला ठाऊक आहे. "बाईमाणसाला खांबावर कोण चढवतंय" असं कुणीतरी तेव्हा म्हणालं आणि तू ते पदरात बांधून घेतलंस.

तुझ्याच राज्यात सिद्दिपेट जिल्ह्यातल्या बब्बुरी शिरीषानं काय केलं ते ऐक. ज्युनिअर लाईनमनच्या जागा निघाल्या, बायकांना अर्ज करायचीच सोय नव्हती. ती आणि तिच्यासारखी आणखी एक मुलगी उच्च न्यायालयात गेल्या. कोर्टानं परीक्षेला बसू द्या म्हटलं. आठ मीटरचा खांब एका मिनिटात चढायचा होता, चढल्या. 2022 मध्ये शिरीषा कामावर रुजू झाली, तेव्हा ती जेमतेम विशीतली होती. आणि आमच्या बीड जिल्ह्यातल्या उषा जगदाळे घे, खो-खोच्या मैदानावरून महावितरणमध्ये आल्या, खांबावर चढतानाचा त्यांचा व्हिडिओ अख्ख्या महाराष्ट्रात फिरला. महावितरणच्या विद्युत सहायकांच्या भरतीत आता बायका रांगेनं दिसतात. मला त्या व्हिडिओंचं कौतुक आहे, थोडा रागही येतो. बाई खांबावर चढली की बातमी होते, तिला तिच्या मापाचे हातमोजे मिळाले का, हे कुणी विचारत नाही. माझ्या वर्गातल्या पोरींच्या हातात ते रबरी मोजे एवढे ढगळ होतात की पाना धरता येत नाही.

तुला खांब नको असेल तर नको. मीटर आणि सोलरचं काम जमिनीवरचं आहे. राजस्थानात डुंगरपूरला आयआयटी मुंबईच्या मदतीनं आदिवासी बायका आधी सोलरचे दिवे जोडायला शिकल्या, पुढे त्यांचा पाट्या तयार करायचा कारखानाच उभा राहिला. तुमच्या तेलंगणात बचतगटांना 1000 मेगावॉटचे सोलर प्रकल्प द्यायचे ठरलेत. गटाच्या बैठकीत कर्जाच्या हप्त्यावर तासभर बोलता, एकदा हा विषय काढा. प्रकल्प गटाच्या नावावर झाला आणि चालवायला माणूस बाहेरून आला, तर काय मिळवलं?

भाषेचं सांगून ठेवते, कारण आपण मराठी शाळेतल्या. जाहिरात तेलुगूत किंवा इंग्रजीत येते, प्रश्नपत्रिकाही. आपल्याला विषय येतो, प्रश्न कळत नाही. रोज रात्री जुन्या प्रश्नपत्रिकेतले पाच प्रश्न जावयांना वाचायला लाव, ते लाईनमनच्या संगतीनं तेलुगू बोलतात चांगलं. ते वाचतील, तू 'का' समजावून सांग. दोघांचंही होईल. आणि स्थानिकांसाठी 95 टक्के जागा असतात, पण स्थानिक कोण हे पहिली ते सातवी कुठे शिकलीस त्यावरून ठरतं. माझ्यासारखं नदीपलीकडे मामाकडे शिकायला ठेवलं नव्हतं तुला, हे बरंच झालं. त्या सात वर्षांचे दाखले शाळेतून आत्ताच काढून आण. जाहिरात निघाल्यावर हेडमास्तर रजेवर असतात, हा अनुभव सगळ्यांचा आहे.

जावयांना हे सांगताना माझं नाव नको घेऊ. "ताई म्हणते तुमचं काम कच्चं आहे" असं ऐकलं की माणूस हट्टाला पेटतो. आरपीएलचं आधी सांग, त्यांच्या हुन्नराला सरकारी शिक्का मिळतोय म्हणून सांग, ते खुशीनं जातील. तुझ्या कोर्सचं मागाहून. तीन महिने लेकराला कोण बघणार, हा सासूबाईंचा पहिला प्रश्न असेल. माझ्याकडे पाठव. इथली अंगणवाडी घराला लागून आहे आणि माझी शिफ्ट दुपारी सुटते. त्यांच्याशी मीच बोलते, रविवारी संध्याकाळी, त्यांची मालिका संपल्यावर. तोवर तू ते सर्टिफिकेट साड्यांखालून काढ, त्याच्या चार झेरॉक्स कर आणि नाव आधार कार्डावर आहे तसंच आहे का ते बघ. लग्नानंतर तू आधारवर आडनाव बदललंस ना? मग गॅझेटचं काम आधी लागेल, त्याला वेळ जातो.